नाताळचं गाणं नेमकं कुणाचं?

डिसेंबर लागला की जगात कुठे ना कुठे कोणीतरी नावाजलेला गायक नाताळच्या गाण्यांचा अल्बम काढतोच. कव्हरवर बर्फ, लाल मफलर, झाडावरचे दिवे. आत तीच दहा-बारा गाणी, जी आजोबांच्या काळीही होती. आता ज्याला फक्त गळा आहे, दुसऱ्यांची गाणी गाणं हाच ज्याचा व्यवसाय आहे, त्याचं ठीक आहे. पण जो स्वतः गाणी लिहितो, स्वतःच चाल बांधतो आणि स्वतःच गातो, ज्याला आपण गीतकार-गायक म्हणू, त्याने असा अल्बम काढला की कोडं पडतं. आयुष्यभर ‘माझं गाणं मी लिहिणार’ असं म्हणणारा माणूस नाताळ आला की काय करतो?

सगळ्यात मोठं उदाहरण बॉब डिलनचं. ऑक्टोबर 2009 मध्ये त्याचा ‘ख्रिसमस इन द हार्ट’ हा अल्बम आला. त्यात 15 गाणी आहेत आणि त्यातलं एकही त्याने लिहिलेलं नाही! ज्याने शेकडो गाणी लिहिली, ज्याला पुढे 2016 मध्ये गाण्यांसाठी साहित्याचं नोबेल मिळालं, त्याने नाताळासाठी एक ओळही नवी लिहिली नाही. जुनीच भजनं, जुनीच बाजारातली गाणी, एक तर लॅटिनमधलं कडवंसुद्धा. आवाज खरखरीत, घोगरा. काही लोकांना ती थट्टाच वाटली. पण या अल्बमच्या मानधनातला आपला सगळा वाटा त्याने भुकेल्यांना अन्न पुरवणाऱ्या आणि बेघरांसाठी काम करणाऱ्या संस्थांना कायमचा देऊन टाकला. थट्टा करणारा माणूस एवढं करत नाही.

मग त्याने स्वतःचं का नाही लिहिलं? या प्रश्नाचं उत्तर शोधताना नाताळचं गाणं म्हणजे काय ते कळतं. आणि उज्जैनमध्ये बसून मराठी वाचणाऱ्या-लिहिणाऱ्या आपल्यासारख्यांचा त्याच्याशी काय संबंध, तेही कळतं.

अल्बम कुठून आला?

आधी शब्दाबद्दल. अल्बम म्हणजे खरं तर वही, फोटो चिकटवायची असते तशी. 78 फेऱ्यांच्या जुन्या तबकडीच्या एका बाजूला जेमतेम तीन-चार मिनिटांचं एक गाणं मावायचं. दहा गाणी हवी असतील तर पाच तबकड्या लागत, आणि त्या ठेवायला जाड पानांची वही. बिंग क्रॉस्बीचा ‘मेरी ख्रिसमस’ हा 1945 चा अल्बम असाच होता, पाच तबकड्या आणि दहा गाणी. त्यातलं ‘व्हाइट ख्रिसमस’ त्याने आधी 1942 मध्ये, तेही मे महिन्यात, म्हणजे ऐन गरमीत ध्वनिमुद्रित केलं होतं. पुढे मूळ मुद्रिकेवरून इतक्या प्रती काढल्या गेल्या की ती झिजली आणि 1947 मध्ये गाणं पुन्हा गावं लागलं. हे गाणं लिहिणारा अर्व्हिंग बर्लिन ज्यू होता. नाताळ हा त्याच्या घरचा सण नव्हता. तरी त्याचं गाणं लाखो ख्रिस्ती घरांत नाताळचंच झालं. ही गोष्ट लक्षात ठेवू, पुढे उपयोगी पडेल.

आपल्या देशातल्या जुन्या ख्रिस्ती घरांत मात्र क्रॉस्बीपेक्षा जिम रीव्हजचा ‘ट्वेल्व्ह साँग्स ऑफ ख्रिसमस’ जास्त वाजला. हा अल्बम 1963 चा. पुढच्याच वर्षी विमान अपघातात तो गेला, पण त्याचा तो मऊ, संथ आवाज तबकडीवरून कॅसेटवर आणि कॅसेटवरून मोबाइलवर येऊन पोहोचला. सण दरवर्षी येतो, म्हणून सणाचा अल्बमही दरवर्षी परत येतो. बाकीची गाणी जुनी होतात, ही फक्त मार्गशीर्षाची वाट बघत कपाटात बसून असतात.

जुनं गाणं आणि नवं गाणं

नेहमीच्या अल्बममध्ये गीतकार-गायक स्वतःबद्दल बोलतो. माझं प्रेम, माझा राग, माझं गाव. ऐकणारा एकटा, कानात हेडफोन. नाताळचं गाणं याच्या उलट असतं. ते ऐकण्यासाठी कमी आणि सोबत म्हणण्यासाठी जास्त. चर्चमध्ये शेजारचा बेसूर माणूसही ते म्हणतो, आणि म्हणायलाच हवं. लहान मुलं म्हणतात, आजी म्हणतात, रात्री घरोघर फिरणारी कॅरोल मंडळी म्हणतात. म्हणून ते सोपं हवं, चाल पहिल्यांदा ऐकताच धरता यावी अशी हवी, आणि त्यात ‘मी’ फार नको.

गीतकार-गायकाची अडचण नेमकी इथे होते. त्याच्याजवळ जे सगळ्यात चांगलं आहे, म्हणजे त्याचा स्वतःचा ‘मी’, तेच इथे जरा बाजूला ठेवावं लागतं. डिलनने ते पूर्ण बाजूला ठेवलं. सफ्यान स्टीव्हन्स नावाच्या अमेरिकन गीतकार-गायकाने मधला रस्ता काढला. त्याने 2001 पासून जवळजवळ दर नाताळला मित्रांना आणि घरच्यांना भेट म्हणून काही गाणी साध्या साधनांवर मुद्रित करून द्यायला सुरुवात केली. जुन्या कॅरोल आपल्या ढंगाने, आणि त्यांच्यामध्ये स्वतः लिहिलेली नवी. अशा पाच तबकड्या साठल्यावर 2006 मध्ये ‘साँग्स फॉर ख्रिसमस’ या नावाने तो संच बाजारात आला. सोबत शब्द आणि गिटारचे कॉर्ड छापलेली पुस्तिकाही दिली होती. ही पुस्तिका मला फार महत्त्वाची वाटते. नुसतं मला ऐकू नका, तुम्हीही म्हणा, असं सांगायची ती रीत आहे.

ज्या गाण्याला आपला कवी आठवेना

या मालिकेत सगळ्यात पुढे जाऊन बसलेलं गाणं म्हणजे ‘सायलेंट नाइट’. ऑस्ट्रियातल्या ओबर्नडॉर्फ गावी 24 डिसेंबर 1818 च्या रात्री ते पहिल्यांदा गायलं गेलं. शब्द होते योझेफ मोर या तरुण धर्मगुरूचे, दोन वर्षं आधी लिहिलेले. चाल फ्रान्झ ग्रुबर या शाळामास्तरची. दोघांनी मिळून ते म्हटलं आणि मोरने गिटार धरली. म्हणजे गीतकार-गायकाचंच गाणं की हे! स्वतः लिहिलं, मित्राने चाल दिली, स्वतःच वाजवलं आणि गायलं.

पण पुढे काय झालं? गाणं गावोगाव पसरलं आणि नावं मागे पडली. लोक म्हणू लागले, एवढी सुंदर चाल म्हणजे हायडनसारख्या मोठ्या संगीतकाराचीच असणार. शेवटी 1854 मध्ये बर्लिनहून चौकशी आली, तेव्हा ग्रुबरने हे गाणं कसं तयार झालं ते स्वतः लिहून कळवलं. मोर तोवर वारला होता. नाताळच्या गाण्याचं सगळ्यात मोठं यश हेच असतं की ते कवीच्या हातून सुटतं. आणि कवीच्या दृष्टीने तेच थोडं दुःखाचंही असतं.

आपल्याकडे असं कोणी होतं का?

मित्रहो, इथवर सगळी उदाहरणं परदेशातली झाली. वाचताना वाटलं असेल की गीतकार-गायक हा प्रकारच तिकडचा, गिटारवाला. पण जरा थांबून विचार करा. जो स्वतः पदं रचतो, स्वतः गातो, एकच विषय घेऊन दोन-तीन तास गाणी ओवत जातो, मध्ये बोलतो, हसवतो, रडवतो, आणि पालुपद आलं की समोरच्या सगळ्यांना म्हणायला लावतो, त्याला आपण काय म्हणतो? कीर्तनकार.

नारदीय कीर्तनाची बांधणी पाहा. पूर्वरंगात एक अभंग घेऊन त्याचं निरूपण. मध्ये नामाचा गजर. उत्तररंगात आख्यान, म्हणजे एक गोष्ट, आणि ती गोष्ट पुढे नेणारी पदं, ओव्या, साक्या, दिंड्या, आर्या. प्रत्येक वृत्ताचं काम वेगळं. गोष्ट भराभर सांगायची तर ओवी, भाव थांबवून धरायचा तर पद, विनवणी करायची तर अभंग. आजच्या भाषेत एकाच कल्पनेवर बांधलेला अल्बम म्हणतात तो याहून वेगळा काय असतो? फरक इतकाच की कीर्तन तबकडीवर नाही, माणसांसमोर होतं.

आणि मराठी ख्रिस्ती लोकांनी हे ओळखलं होतं. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अहमदनगरला (आताचं अहिल्यानगर) अमेरिकन मराठी मिशनच्या परिसरात ख्रिस्ती कीर्तनं होऊ लागली. कृष्णाजी रत्नाजी सांगळे हे त्या पिढीतले कवी आणि कीर्तनकार. त्यांची गीतं मराठी चर्चच्या ‘उपासना संगीत’ या पुस्तकात आहेत. त्यांच्या मागून आले रेव्हरंड नारायण वामन टिळक.

टिळकांनी काय केलं?

टिळकांचा जन्म 1861 चा, कोकणातल्या करजगावचा. शाळेच्या पुस्तकांतून आपण त्यांना ‘फुलामुलांचे कवी’ म्हणून ओळखतो. फेब्रुवारी 1895 मध्ये त्यांनी मुंबईत बाप्तिस्मा घेतला. त्याची किंमत घराने मोजली. पत्नी लक्ष्मीबाई काही वर्षं त्यांच्यापासून दूर राहिल्या, नातेवाईक तुटले. ही सगळी कहाणी लक्ष्मीबाईंच्या ‘स्मृतिचित्रे’मध्ये आहे, आणि ज्यांनी ती अजून वाचली नाही त्यांनी या सुट्टीत वाचायलाच हवी. धर्म बदलला, पण कान बदलला नाही. आपण तुकारामाच्या पुलावरून ख्रिस्तापाशी आलो, असं टिळक सांगत. तो पूल त्यांनी पार करून पाडून टाकला नाही, त्याच्यावरून ते गाणी घेऊन येत-जात राहिले.

त्यांच्या वेळी मराठी चर्चमध्ये बरीच गीतं इंग्रजीवरून भाषांतर केलेली होती आणि चालीही विलायती. यात काय बिघडतं ते समजून घेण्यासारखं आहे, कारण आजही आपण तेच करतो.

इंग्रजी गाणं जोरावर चालतं. शब्दाचं एक अक्षर ठासून, दुसरं हलकं. शिवाय इंग्रजीत बरीच वाक्यं एका हलक्या अक्षराने सुरू होतात, म्हणून अनेक कॅरोलच्या चालीही एका हलक्या सुराने सुरू होतात आणि जोर दुसऱ्या सुरावर येतो. ‘अवे इन अ मेंजर’ म्हणून बघा. ‘अ’ हलका, ‘वे’वर जोर. आता त्याच चालीवर ‘गाईच्या गोठ्यात’ हे शब्द बसवा. ‘गा’ हलका पडतो आणि ‘ई’वर जोर येतो, ‘गो’ हलका आणि ‘ठ्या’वर जोर. म्हणताना ऐकू येतं, ‘गा-ईऽऽ-च्या गो-ठ्याऽऽ-त’. शब्द मराठी, पण उच्चार कुणा परक्याचा. मराठी बोलताना आपला भार बहुतेक शब्दाच्या सुरुवातीला असतो आणि इथे तो मध्येच येतो. मग भाषांतर करणारा काय करतो? पुढे एक छोटं अक्षर चिकटवतो. ‘त्या गाईच्या गोठ्यात’. झालं, ‘गा’ जोरावर आला. पण अशी ‘त्या’, ‘हा’, ‘रे’, ‘हो’ ही भरीची अक्षरं ओळीओळीला घालत गेलं की गाणं जडशीळ होतं. म्हणणाऱ्याला कळत नाही काय चुकतंय, फक्त मन लागत नाही.

टिळकांनी उलट्या बाजूने सुरुवात केली. चाल आधी आपली, मग शब्द आपोआप नीट बसतात. त्यांनी अभंग लिहिले, पदं लिहिली, भजनं लिहिली. झांज, चिपळ्या, मृदंगावर म्हणता येतील अशी. ख्रिस्ताला त्यांनी ‘माउली’ म्हणून हाक मारली, कारण पंढरीच्या वाटेवरच्या माणसाला देवाशी याहून जवळचं नातं ठाऊक नाही. अभंगाच्या शेवटी जिथे तुकोबा आपलं नाव घालतात, तिथे टिळकांनी ‘दास’ अशी मुद्रा घेतली. सांगायचं तर नाव घालायच्या जागी नावच घातलं नाही. डिलनने जे अल्बमभर केलं ते टिळक प्रत्येक अभंगाच्या शेवटच्या ओळीत करत होते.

येशूचं चरित्र ओव्यांत सांगणारं ‘ख्रिस्तायन’ त्यांनी सुरू केलं, पण 1919 मध्ये ते गेले तेव्हा ते अपुरं होतं. ते पूर्ण करण्याचं काम लक्ष्मीबाईंनी अंगावर घेतलं. ज्या बाईने नवऱ्याच्या धर्मांतरासाठी इतकं सोसलं, जिला लग्नाच्या वेळी धड लिहिता-वाचता येत नव्हतं, तिने त्याचं काव्य पुढे नेलं. लक्ष्मीबाई स्वतः कीर्तनंही करत. गीतकार-गायकांच्या यादीत त्यांचं नाव घालायला आपण विसरतो. टिळकांची काही गीतं निकोल मॅकनिकल यांनी इंग्रजीत नेली आणि ती तिकडच्या उपासनेच्या पुस्तकांत छापली गेली. म्हणजे भाषांतराचा ओघ एकदा तरी उलटा वाहिला.

टिळक पहिले नव्हते हेही सांगायला हवं. त्यांच्या जवळजवळ तीनशे वर्षं आधी, 1579 मध्ये, थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट गोव्यात आला, मराठी शिकला आणि सुमारे 11,000 ओव्यांचं ‘क्रिस्तपुराण’ लिहिलं. ते 1616 मध्ये रायतूरला रोमन लिपीत छापलं गेलं. ग्रंथाच्या सुरुवातीलाच एक नवख्रिस्ती माणूस पाद्रीला विचारतो की पूर्वी आमच्याकडे पुराणं होती, आता आमच्या भाषेत काय आहे? त्या एका प्रश्नाला दिलेलं उत्तर म्हणजे तो सगळा ग्रंथ. गोव्याच्या नि वसईच्या परिसरात तो मोठ्याने वाचला जाई. छापलेली मूळ प्रत आज हाती नाही, पण हस्तलिखितांतून ते पुराण टिकलं.

अक्षरं मोजून बघू

ही रचना कठीण वाटते का? नाही. मोठ्या अभंगाचा हिशेब अगदी साधा आहे. एका कडव्यात चार तुकडे, पहिल्या तिघांत सहा-सहा अक्षरं, चौथ्यात चार. दुसऱ्या आणि तिसऱ्या तुकड्याचं यमक जुळायला हवं. र्‍हस्व-दीर्घाचं बंधन नाही. समजण्यापुरतं एक कडवं इथे करून ठेवतो:

माळव्याची थंडी । क्षिप्रेकाठी रात ।
गोठ्यात प्रभात । उजाडली ॥

मोजून बघा. सहा, सहा, सहा, चार. ‘रात’ आणि ‘प्रभात’ यांचं यमक. काव्य म्हणून त्याला फार गुण देऊ नका, पण आजीला माहीत असलेल्या अभंगाच्या कुठल्याही चालीवर ते लगेच म्हणता येईल. कोणाला नोटेशन शिकवावं लागणार नाही. ‘गाईऽऽच्या’सारखी ओढाताणही नाही.

आणि जन्माचं गाणं म्हणाल तर मराठीत त्यासाठी तयार प्रकारच आहे, पाळणा. रामनवमीला दुपारी बारा वाजता, गोकुळाष्टमीला मध्यरात्री, दत्तजयंतीला संध्याकाळी पाळणा हलवतात आणि बायका पाळणा म्हणतात. दत्तजयंती मार्गशीर्ष पौर्णिमेला, म्हणजे बहुतेक वर्षी नाताळच्या आसपासच येते. एका आळीत दत्ताचा पाळणा आणि दुसऱ्या आळीत येशूचा गोठा, दोन्हीकडे थंडीतल्या रात्री बाळाच्या जन्माचं गाणं. इंग्रजीत कॅरोलचा एक मोठा भाग अंगाईगीतांचाच आहे. आपल्याला तो बाहेरून आणायची गरज नाही.

उज्जैनचा यात काय संबंध?

आपल्या गावात मराठी आली ती शिंद्यांबरोबर. राणोजी शिंद्यांपासून उज्जैन त्यांचं ठाणं होतं, 1810 मध्ये दौलतरावांनी राजधानी ग्वाल्हेरला नेली तेव्हा दरबार गेला, पण बरीच मराठी घरं इथेच राहिली. आपण त्यांच्याच पुढच्या पिढ्या. ख्रिस्ती धर्म मात्र माळव्यात दुसऱ्या वाटांनी आला. कॅनडाच्या प्रेस्बिटेरियन मिशनने 1877 मध्ये इंदूरला काम सुरू केलं, आणि केरळच्या सिरो-मलबार चर्चने 1968 मध्ये उज्जैनचं स्वतंत्र क्षेत्र केलं, जे 1977 मध्ये धर्मप्रांत झालं. त्यामुळे आपल्याकडे नाताळला हिंदी ऐकू येतं, इंग्रजी येतं, केरळच्या मित्रांकडून मलयाळमही येतं. मराठी क्वचितच. नगरची भजनं नगरला राहिली आणि वसईची वसईला. तिथे दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर (1962 ते 1965) उपासना लोकभाषेत आली, आणि त्याच मातीतले फादर फ्रान्सिस दिब्रिटो 2020 मध्ये उस्मानाबादच्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले.

याचा परिणाम असा की इथल्या मराठी हिंदू घरातल्या मुलाला नाताळ हा इंग्रजी सण वाटतो, आणि इथल्या ख्रिस्ती मुलाला मराठी ही गणपती-दिवाळीची भाषा वाटते. दोघंही अर्धंच बघतात. आणि भाषेचं असं आहे की तिच्यात जेवढे सण कमी, तेवढी ती लवकर घरात कोंडली जाते. आपल्यापैकी अनेकांची मराठी आत्ताच आई-बाबांशी बोलण्यापुरती उरली आहे. शाळा-कॉलेज सगळं हिंदीत नाहीतर इंग्रजीत. तेव्हा ‘मराठीत नाताळचं गाणं कशाला?’ या प्रश्नाचं उत्तर फक्त चर्चसाठी नाही, मराठीसाठीही द्यायचं आहे.

हे जमू शकतं याचा पुरावा शोधायला लांब जायला नको. देवास इथून जेमतेम चाळीस किलोमीटर. कुमार गंधर्व 1948 मध्ये क्षयाच्या आजारात हवापालटासाठी तिथे आले, काही वर्षं गाता येत नव्हतं तेव्हा खिडकीतून माळव्याची लोकगीतं ऐकत राहिले. बरे झाल्यावर त्यांनी ऋतूंवर कार्यक्रम बांधले, ‘गीतवर्षा’, ‘गीतहेमंत’, ‘गीतवसंत’. त्यात जुन्या पारंपरिक बंदिशी होत्या, माळवी लोकधुना होत्या आणि त्यांच्या स्वतःच्या रचनाही होत्या. जुनं आणि नवं एकाच ऋतूच्या धाग्यात. नाताळ कुठल्या ऋतूत येतो? हेमंतातच. म्हणजे थंडीच्या गाण्यांचा ‘अल्बम’ एका गीतकार-गायकाने आपल्या शेजारच्या गावात केव्हाच बांधून दाखवला आहे.

मग आपण काय करायचं?

मंडळाच्या सभासदांपुढे एक साधा आराखडा ठेवतो. सहा गाणी, अर्धा तास. पहिलं ‘क्रिस्तपुराणा’तल्या जन्मकथेच्या थोड्या ओव्या, तंबोऱ्यावर. दुसरं आणि तिसरं टिळकांची दोन भजनं, पेटी-तबल्यावर. चौथा एक पाळणा, आपल्यातल्याच कोणी लिहिलेला. पाचवं केरळ किंवा झाबुआकडच्या मित्रांचं त्यांच्या भाषेतलं गाणं, सोबत मराठीतून दोन वाक्यांत अर्थ. शेवटी सगळ्यांनी मिळून म्हणायचा अभंग. मध्ये निवेदन हवं, कीर्तनासारखं, म्हणजे गाणी सुटी राहत नाहीत.

परवानगीचं काय, असा प्रश्न येईल. आपल्या कायद्यात कवीच्या मृत्यूनंतर 60 वर्षांपर्यंत हक्क राहतो. टिळक 1919 मध्ये गेले, लक्ष्मीबाई 1936 मध्ये. त्यांचे शब्द आज सगळ्यांचे आहेत. मात्र अलीकडच्या कोणी दिलेली चाल किंवा केलेलं ध्वनिमुद्रण वापरायचं असेल तर त्याची परवानगी वेगळी घ्यावी लागते. म्हणून चाल आपलीच बांधावी, तेच बरं.

आणि मुद्रण मोबाइलवर झालं तरी चालेल, पण सफ्यान स्टीव्हन्ससारखी शब्दांची पुस्तिका मात्र करूच. देवनागरीत, मोठ्या अक्षरात, पेटीच्या पट्टीसकट. ती वाचून घरी एखादी आजी, एखादा धाकटा भाऊ गाणं म्हणून बघेल. नवीन पाळणा कोणी लिहिला हे तिथे छोट्या अक्षरात असू दे. दोन-चार वर्षांनी कॅरोल मंडळी फ्रीगंजच्या गल्लीत तो पाळणा म्हणतील आणि कोणाला कवीचं नाव आठवणार नाही, तेव्हा लिहिणाऱ्याने वाईट वाटून घेऊ नये.